हसला की नाही? : बिटरेट, अंधार आणि ‘द वेस्ट विंग’

राजकारणावरची मालिका पाहायला चांगल्या चित्राची गरज काय, असा प्रश्न मला गेल्या चार महिन्यांत अनेकांनी विचारला. क्रिकेटचा सामना असेल किंवा मारधाडीचा चित्रपट असेल तर एचडी पाहिजे. इथे चार माणसे खोलीत बसून बोलत असतात, त्यात बघण्यासारखे काय आहे, ते नुसते ऐकले तरी कळते, असे त्यांचे म्हणणे. मी लातूरमध्ये गंजगोलाईजवळ लग्नाच्या चित्रीकरणाचा आणि संकलनाचा स्टुडिओ चालवतो, दिवसाचे आठ-दहा तास व्हिडिओशीच झटापट चाललेली असते, आणि तरीही ‘द वेस्ट विंग’ ही अमेरिकी मालिका एका ओटीटी सेवेवर लावेपर्यंत माझेही मत थोड्याफार फरकाने असेच होते. ते मत चुकीचे निघाले. या सेवेचे शुल्क भरताना आपण नेमके काय विकत घेतो, हे घेणाऱ्याला कळावे म्हणून तो अनुभव सविस्तर लिहीत आहे. सेवेचे नाव मी देत नाही, कारण जो दोष मला आढळला तो कमी-अधिक प्रमाणात इतरत्रही आढळू शकतो आणि तो ओळखायचा कसा हे कळणे जास्त उपयोगाचे आहे.

आधी मालिकेविषयी थोडेसे. अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांच्या कार्यालयात रोज काय घडते, याची ही काल्पनिक कथा १९९९ ते २००६ या काळात एनबीसी वाहिनीवर सात सीझन चालली. मार्टिन शीन यांनी राष्ट्राध्यक्ष बार्टलेट रंगवले आहेत, तर जॉन स्पेन्सर यांनी त्यांचे जुने स्नेही आणि प्रमुख सहायक लिओ यांची भूमिका केली आहे. मालिका ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर चित्रित झाली आणि तिच्या छायाचित्रणाला एमी पुरस्कार मिळाले. तिची दोन वैशिष्ट्ये इथे महत्त्वाची आहेत. पहिले म्हणजे माणसे चालता चालता बोलतात आणि स्टेडीकॅम, म्हणजे चालतानाही न हिंदकळणारा कॅमेरा, त्यांच्यापुढे उलट्या पावली चालत राहतो. एका दिव्याखालून दुसऱ्या दिव्याखाली, मधल्या अंधारातून, काचेच्या दारांतून, कागद घेऊन जाणाऱ्या माणसांच्या गर्दीतून हा प्रवास मिनिट-मिनिट तुटत नाही. दुसरे म्हणजे रात्रीच्या प्रसंगांत खोल्या खरोखरच अंधाऱ्या ठेवल्या आहेत. टेबलावरचा एक दिवा, अर्धा चेहरा उजेडात, अर्धा सावलीत, मागे गडद लाकडी भिंत, आणि प्रसंगाचा सगळा निकाल त्या सावलीतल्या अर्ध्या चेहऱ्यावर लागतो.

ही मालिका मी एकटा पाहत नाही. माझे वडील, त्यांना आम्ही आप्पा म्हणतो, ३४ वर्षे विविध कार्यकारी सोसायटीचे गटसचिव होते. सोसायटीच्या निवडणुका, बाजार समितीच्या बैठका, जिल्हा बँकेच्या सभा हे सगळे त्यांनी खुर्चीच्या मागे उभे राहून पाहिले आहे. चेअरमन बोलत असताना चेअरमनकडे बघायचे नसते, तो कुणाकडे बघून बोलतो आणि ऐकणाऱ्यांपैकी कोण पानाला चुना लावता लावता थांबतो ते बघायचे असते, असे ते सांगतात. आप्पांना इंग्रजी येत नाही. मी मध्येमध्ये चित्र थांबवून कोण कुणाला काय म्हणाले ते मराठीत सांगतो, आणि उरलेले सगळे ते चेहऱ्यांवरून ओळखतात; बऱ्याचदा माझ्या आधी ओळखतात. म्हणजे या घरात चित्राच्या दर्जाचा खरा परीक्षक मी नाही, ते आहेत.

पहिल्याच आठवड्यात, रात्री नऊच्या सुमारास, बार्टलेट आणि लिओ दोघेच कार्यालयात असल्याचा एक प्रसंग चालू होता. लिओ काहीतरी सुनावतात, बार्टलेट मान खाली घालून ऐकतात आणि क्षणभर त्यांच्या ओठांच्या कडेला काहीतरी हलते. आप्पा पुढे झुकले आणि म्हणाले, ‘‘हासला का न्हाई रे त्यो?’’ मी मागे नेऊन तो भाग पुन्हा लावला. तरी सांगता येईना. ओठाची कड, गालावरची सुरकुती आणि जबड्याखालची सावली मिळून एकच तपकिरी डाग झाला होता, जणू कुणी ओल्या रंगावरून अंगठा फिरवला आहे. दोन-तीन सेकंद तो डाग तसाच राहिला, मग एका झटक्यात सुरकुत्या उमटल्या, आणि तेवढ्यात कॅमेरा लिओंकडे वळला होता. पडद्याच्या कोपऱ्यात ‘एचडी’ अशी अक्षरे होती. माहितीच्या खिडकीत १०८० हा आकडाही, म्हणजे चित्रातल्या आडव्या ओळींची संख्या, दिसत होता.

त्या रात्री मला झोप लागली नाही. माझ्या धंद्यातली चूक मला दुसऱ्याच्या कामात दिसली होती, आणि ती नेमकी कुठे होते हे मला ठाऊक होते.

लग्नाचे चित्रीकरण करणाऱ्या कुणालाही विचारा, संकलनातली सर्वांत अवघड जागा कोणती, तर तो अक्षता पडण्याचा क्षण सांगेल. एन्कोडर, म्हणजे व्हिडिओ दाबून लहान करणारा प्रोग्राम, प्रत्येक फ्रेम नव्याने साठवत नाही. एक फ्रेम पूर्ण साठवतो आणि पुढच्या फ्रेममध्ये कोणता तुकडा कुठून कुठे सरकला एवढीच नोंद करत जातो. नवरदेवाचा फेटा डावीकडे चार ठिपके सरकला एवढे लिहिले की काम भागते. पण शेवटचे ‘सावधान’ झाले आणि चारशे माणसांनी एकदम अक्षता टाकल्या की प्रत्येक दाणा आपल्या वाटेने जातो, मागच्या फ्रेममधून पुढची ताडता येत नाही, सगळे नव्याने लिहावे लागते आणि त्यासाठी दिलेले बिट, म्हणजे माहिती लिहायची जागा, कमी पडतात. मग एन्कोडर काटकसर करतो ती सरसकट. वधूचा चेहरा जिथे सर्वांत महत्त्वाचा, तिथेच त्याचे चौकोन होतात. म्हणून आम्ही दोन फेऱ्यांत एन्कोडिंग करतो. पहिल्या फेरीत कुठे गर्दी आहे ते मोजायचे आणि दुसऱ्या फेरीत त्या जागेसाठी बिट राखून ठेवायचे. ज्याला हे करायला वेळ नसतो त्याच्याकडून घेतलेली लग्नाची फाइल पाहिली की ते लगेच कळते.

‘द वेस्ट विंग’मध्ये अक्षतांची जागा अनेक गोष्टी घेतात. पत्रकार कक्षात फ्लॅश उडतात; प्रत्येक फ्लॅश म्हणजे आधीच्या आणि नंतरच्या फ्रेमशी काहीच न जुळणारी एक पांढरी फ्रेम. कॉरिडॉरमध्ये चालताना माणसे फ्रेमच्या मध्यभागी तेवढीच दिसतात, पण मागची भिंत, दारे, दिवे, काचेतली प्रतिबिंबे सतत बदलत असतात, आणि त्यातच उजेड-सावलीची चाल चेहऱ्यावरून सरकते. सरकलेला तुकडा शोधता येतो, पण सरकता सरकता ज्याचा उजेडही बदलला तो तुकडा शोधणे एन्कोडरला कठीण जाते. त्यावर फिल्मचा दाणा आहेच. ३५ मिलिमीटरच्या फिल्मवरचा तो बारीक रवा प्रत्येक फ्रेममध्ये वेगळा असतो, त्याची पुनरावृत्ती कधीच होत नाही, आणि एन्कोडरच्या हिशेबी तो निव्वळ खर्च असतो. कमी बिटमध्ये भागवायचे ठरले की पहिला बळी दाण्याचा जातो. दाणा घासून काढला की त्याच्याबरोबर त्वचेचा पोत जातो, आणि माणसे मेणाची दिसू लागतात.

अंधाराचे दुखणे आणखी वेगळे आहे. नेहमीच्या ८ बिट व्हिडिओत काळ्यापासून पांढऱ्यापर्यंत उजेडाच्या २२० पायऱ्या असतात, १६ पासून २३५ पर्यंत. दिव्याआडच्या भिंतीवरचा सगळा चढउतार त्यांतल्या जेमतेम दहा-पंधरा पायऱ्यांत मावतो. एन्कोडर बिट वाचवतो तो लहान फरक पुसून, आणि अंधारात तर सगळेच फरक लहान असतात. उजेडातल्या खरखरीत पडद्याच्या कापडावर तो भरपूर खर्च करतो, कारण तिथे फरक ठळक आहे, आणि सावलीतला गाल सपाट समजून सोडून देतो. एक्स२६४ सारख्या एन्कोडरमध्ये ही खोड दुरुस्त करण्यासाठी अ‍ॅडॅप्टिव्ह क्वांटायझेशन नावाची सोय आहे, जी बिट उचलून अशा सपाट दिसणाऱ्या भागांकडे वळवते. पण मुळात वाटायला काही असेल तरच वाटणी बदलून उपयोग. म्हणून त्या लाकडी भिंतीवर नकाशातल्या उंचीच्या रेषांसारखे पट्टे दिसतात, आणि माणूस हलला की तेही त्याच्याबरोबर लटपटतात.

आमच्या लहानपणी अंबाजोगाईच्या मनोऱ्यावरून येणारे दूरदर्शन पाहताना पडद्यावर मुंग्या यायच्या आणि कुणीतरी गच्चीवर जाऊन अँटेना फिरवायचे. चित्र वाईट असायचे यात शंका नाही. पण मुंग्या सगळ्या चित्रावर सारख्या पसरलेल्या असत आणि त्यांच्याखाली माणसाचा चेहरा तसाच असे. डोळे बारीक करून पाहिले तर तो हसला की रडला ते कळत असे. आताच्या कमी बिटच्या चित्रात मुंगी एकही नसते. सगळे गुळगुळीत असते, त्यामुळे काही हरवले आहे हेच लक्षात येत नाही, आणि मला हा प्रकार जुन्या मुंग्यांपेक्षा अधिक घातक वाटतो. नट वाईट आहे असे वाटते. लेखन सपाट आहे असे वाटते. प्रेक्षक मालिका सोडून देतो आणि दोष जॉन स्पेन्सर यांच्यासारख्या नटाच्या माथी जातो.

आता मोजमाप. राउटरच्या नोंदीवरून पाहिले तर रात्री नऊ ते दहाच्या दरम्यान ४२ मिनिटांच्या एका भागाला सुमारे ६०० एमबी डेटा लागत होता, म्हणजे सेकंदाला साधारण १९ लाख बिट. १०८० च्या चित्रात एका फ्रेममध्ये २०,७३,६०० ठिपके असतात, सेकंदाला २४ फ्रेम धरल्या तर जवळजवळ ५ कोटी ठिपके. म्हणजे २६ ठिपक्यांच्या वाट्याला एक बिट. तोच भाग पहाटे पाच वाजता लावला तेव्हा १.५ जीबी गेले, म्हणजे सेकंदाला सुमारे ४८ लाख बिट आणि दहा ठिपक्यांमागे एक बिट. दोन्ही वेळा पडद्यावर आकडा १०८० हाच होता. रिझोल्यूशन म्हणजे ताटाचा आकार. त्यात किती वाढले आहे ते तो आकडा सांगत नाही.

हा फरक का पडतो, तर अशा सेवेकडे एकाच भागाच्या वेगवेगळ्या बिटरेटच्या, म्हणजे सेकंदाला कमी-जास्त बिट देणाऱ्या, अनेक आवृत्त्या तयार असतात, काही सेकंदांच्या तुकड्यांत कापलेल्या, आणि आपला टीव्ही त्या त्या वेळी जो तुकडा वेळेत येईल असे वाटते तो मागवतो. माझ्या ब्रॉडबँडची गती त्याच वेळी मोजली तर ४० एमबीपीएस, म्हणजे सेकंदाला ४ कोटी बिट, दाखवत होती, म्हणून मी बरेच दिवस चुकीच्या जागी शोधत राहिलो. गती मोजणारे अ‍ॅप सहसा जवळच्या सर्व्हरशी बोलून आकडा सांगते. चित्रपटाचा सर्व्हर वेगळ्या वाटेने येतो आणि संध्याकाळी त्या वाटेवर गर्दी असते. सेवेला तक्रार लिहिली, तेव्हा आपले इंटरनेट तपासा असे उत्तर आले. ब्रॉडबँड कंपनीला लिहिले, तर आपली गती उत्तम आहे असे उत्तर आले. दोन्ही उत्तरे आपापल्या परीने खरी होती आणि माझ्या टीव्हीवरचा डाग तसाच होता.

पण सगळा दोष वाटेचा नाही, हे मला डीव्हीडीमुळे कळले. माझ्या मावसभावाने काही वर्षांपूर्वी इंग्लंडहून येताना या मालिकेच्या पहिल्या दोन सीझनचे संच आणले होते आणि ते माझ्या कपाटात तसेच पडून होते. पाल या टीव्ही-पद्धतीच्या डीव्हीडीत चित्र ७२० गुणिले ५७६ एवढेच असते. १०८० च्या चित्रात बरोबर पाचपट ठिपके असतात, त्यामुळे तुलना करण्यात काही अर्थ नाही असे मला वाटले होते. तरी तोच रात्रीचा प्रसंग लावला. अक्षरे पुसट, केसांच्या कडा मऊ, मागची पुस्तके वाचता येणार नाहीत अशी. आणि बार्टलेट यांच्या ओठाची कड मात्र स्पष्ट हलली. ते हसले होते. एकाच बाजूने, अगदी थोडे, लिओंना दिसू नये इतके. आप्पांनी या वेळी काहीच विचारले नाही. त्यांनी नुसती मान हलवली.

हिशेब केला तर त्याचे कारण दिसते. डीव्हीडीवरच्या एका भागाची फाइल सुमारे १.७ जीबीची आहे; आवाजाचा वाटा वजा केला तर चित्राला सेकंदाला ५१ लाखांच्या आसपास बिट मिळतात, आणि सेकंदाला ठिपके फक्त १ कोटी ४ लाख. म्हणजे दोन ठिपक्यांना एक बिट. अर्थात हा सरळ भागाकार पूर्ण न्यायाचा नाही. डीव्हीडीत वापरलेले एमपेग-२ हे नव्वदच्या दशकातले तंत्र आहे, तर २००३ साली आलेले एच.२६४ तेवढ्याच दर्जासाठी साधारण निम्म्या बिटमध्ये काम भागवते, आणि मोठ्या चित्रात शेजारचे ठिपके एकसारखे असण्याचे प्रमाणही जास्त असते. हे सगळे पदरात घातले तरी दोन आणि सव्वीस यांतले अंतर भरून निघत नाही. आणखी एक फरक असा की एमपेग-२ ला बिट कमी पडले की ते उघड चौकोन दाखवते, म्हणजे निदान काहीतरी बिघडले आहे हे कळते, एच.२६४ मध्ये चौकोनांच्या कडा पुसणारा फिल्टर अंगभूतच आहे, त्यामुळे तिथे चौकोनांऐवजी तो ओल्या रंगावरून अंगठा फिरवल्यासारखा डाग मिळतो.

डीव्हीडीचे सगळेच चांगले आहे असे मी म्हणत नाही. सेकंदाला २४ फ्रेमची फिल्म पाल पद्धतीत २५ फ्रेमने चालवतात, त्यामुळे सगळे ४ टक्क्यांनी लवकर आटोपते. ४२ मिनिटांच्या भागात पावणेदोन मिनिटे कमी होतात आणि आवाजही किंचित चढा लागतो. आधीच ही माणसे इतकी भरभर बोलतात की मला दोन वाक्यांमध्ये आप्पांना समजावून सांगायला सवड मिळत नाही, त्यात ही घाई जाणवते. उपशीर्षके चित्राच्या रूपात साठवलेली असल्याने ४३ इंची पडद्यावर त्यांच्या कडा दातेरी दिसतात. दिवसाउजेडीच्या प्रसंगांत, विमानतळावर किंवा हिरवळीवर, पहाटेचे ओटीटीचे चित्र डीव्हीडीच्या कितीतरी पुढे आहे. कोटाचे कापड, टायची वीण, नट्यांच्या डोळ्यांखालचा थकवा हे सगळे डीव्हीडीत नाही आणि तिथे आहे. सी. जे. ही पत्रकारांना सामोरी जाणारी प्रवक्ती आत शिरण्याआधी दाराशी क्षणभर थांबते आणि श्वास घेते, तो श्वास मला प्रथम पहाटेच्या चित्रात दिसला.

म्हणूनच माझी नाराजी मोठी आहे. मूळ फिल्ममध्ये हे सगळे आहे, सेवेकडे त्याची चांगली आवृत्तीही आहे, आणि ज्या वेळी माणसे कामधंद्यावरून परतून टीव्हीसमोर बसतात नेमक्या त्याच वेळी ती मिळत नाही. प्रत्येक कलाकृतीला तिच्या स्वभावानुसार बिट द्यावेत ही कल्पना काही नवी नाही. नेटफ्लिक्सने २०१५ मध्येच आपली तशी पद्धत जाहीर केली होती. सपाट रंगांच्या कार्टूनला कमी बिट पुरतात आणि धामधुमीच्या चित्रपटाला जास्त लागतात, हे तत्त्व बरोबरच आहे. मात्र संवादप्रधान मालिका म्हणजे सोपे काम, असा समज कुणी त्यात घुसडला तर अंधारातला चेहरा कार्टूनच्या रांगेत जाऊन बसतो. मी पाहत असलेल्या सेवेत नेमके काय ठरवले आहे ते त्यांनाच ठाऊक, पण पहाटेच्या सर्वांत वरच्या आवृत्तीतही काही भागांत लाकडी भिंतीवर पट्टे आहेत आणि फिल्मचा दाणा घासलेला आहे, एवढे मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिले आहे. एचईव्हीसी किंवा २०१८ साली आलेले एव्ही१ हे एच.२६४ नंतरचे तंत्र वापरले, १० बिटमध्ये, म्हणजे उजेडाच्या जास्त पायऱ्या ठेवून, एन्कोड केले, तर तेवढ्याच डेटात हे बऱ्याच अंशी टळते. एव्ही१ मध्ये तर दाणा काढून त्याचे वर्णन वेगळे पाठवायचे आणि पाहणाऱ्याच्या बाजूला तो पुन्हा घालायचा अशी सोय आहे.

आपल्या हातात जे आहे तेही सांगतो. टीव्ही ज्या भडक मोडमध्ये दुकानातून येतो त्यात शार्पनेस वाढवलेला असतो. तो कमीत कमी करावा, कारण शार्पनेस चेहऱ्याला धार देत नाही, डागाच्या कडेला धार देतो. चित्र सिनेमा किंवा फिल्ममेकर मोडवर ठेवावे आणि हालचाल गुळगुळीत करणारी सोय बंद करावी. उन्हाळ्यात दुपारी पाहायचे असेल तर खिडकीला जाड पडदा लावावा, नाहीतर आपल्याकडच्या उन्हात अंधाराचे प्रसंग पाहण्यात अर्थ नाही. सेवेच्या अ‍ॅपमध्ये दर्जा ‘ऑटो’ न ठेवता सर्वांत वरचा निवडावा; मध्येच गोल फिरत राहिले तरी चालेल, थांबलेले चित्र पुढे जाते, पुसलेले चित्र परत येत नाही. आणि भाग डाउनलोड करण्याची सोय असेल तर तीच वापरावी, पण तिथेही दर्जा आधी स्वतः निवडावा लागतो, अन्यथा लहान आवृत्तीच उतरते. मोबाइलवर पाहणाऱ्याला यातले बरेच जाणवणार नाही. माझा पुतण्या रोज फोनवर हीच मालिका पाहतो आणि त्याची काहीच तक्रार नाही, कारण सहा इंचात तो डाग नखाएवढाही नसतो. मात्र त्याला लिओंचे थकलेपण कधी दिसले का असे विचारले तेव्हा तो माझ्याकडे पाहत राहिला.

दुसऱ्या सीझनचा शेवटचा भाग, ‘टू कॅथीड्रल्स’, मी मुद्दाम तिन्ही प्रकारे पाहिला. १६ मे २००१ रोजी प्रथम दाखवलेला हा भाग म्हणजे एन्कोडरची वार्षिक परीक्षाच आहे. वॉशिंग्टनच्या विशाल कॅथीड्रलमधला अंधार, दगडी फरशीवर चिरडलेली सिगारेट, वादळ, वाऱ्याने उघडलेले दार, रात्रीच्या पावसातून जाणाऱ्या गाड्या, आणि शेवटी चिंब भिजलेले बार्टलेट पत्रकारांसमोर येऊन उभे राहतात, फ्लॅशच्या उजेडात. पाऊस म्हणजे अक्षताच, फक्त न थांबणाऱ्या. रात्री नऊच्या आवृत्तीत पावसाच्या रेषा तुटून राखाडी ठिगळे झाली होती आणि भिजलेला कोट म्हणजे एक काळा आकार होता, त्यात बाही कुठे संपते आणि हात कुठे सुरू होतो ते दिसत नव्हते. डीव्हीडीत हात दिसला, पण पाऊस धुक्यासारखा होता.

पहाटेचे तेवढे पाहायचे राहिले होते. आप्पा तसेही साडेचारला उठतात. चहा ठेवला, घरातले सगळे दिवे घालवले आणि वरचा दर्जा निवडून भाग लावला. शेवटी पत्रकारांमधून प्रश्न येतो की आपण पुन्हा निवडणूक लढवणार का. मी चित्र थांबवून आप्पांना तेवढाच प्रश्न मराठीत सांगितला, पुढे काही सांगितले नाही, आणि पुन्हा चालू केले. बार्टलेट उत्तर देत नाहीत. ओल्या कोटाच्या काळ्यावर काळा असा हात खिशात जाताना दिसतो, मान वळते, कपाळावरून पाणी ओघळते. याच भागात आधी, जुन्या आठवणीत, तरुण बार्टलेट तसेच खिशात हात घालून, तशीच नजर वळवून हसतात, आणि आप्पांनी ते लक्षात ठेवले होते. ओठ हलण्याच्या आधीच ते म्हणाले, ‘‘ह्यो उभा ऱ्हातोय बघ.’’ मग बार्टलेट हसले. आप्पांनी कप खाली ठेवला आणि ते दृश्य मला पुन्हा एकदा लावायला सांगितले.

तिसऱ्या सीझनसाठी मी वर्षभराचे शुल्क भरलेले नाही; महिन्याचेच भरतो आहे, आणि भाग रोज पहाटे उतरवून घेऊन रात्री पाहतो.